झाकली मूठ, पण कुणाची?

आमच्या मावसभावंडांच्या ग्रुपवर परवा परत ती रील आली. मोठा चंद्र, खाली लाकडी पूल, मागे बासरी, आणि मजकूर असा की जपानी माणूस कधी आय लव्ह यू म्हणत नाही, तो नुसतं म्हणतो आज चंद्र किती सुंदर आहे ना, आणि समोरच्याला सगळं कळतं. म्हणे नात्सुमे सोसेकी या मोठ्या जपानी कादंबरीकाराने आपल्या विद्यार्थ्यांना असंच भाषांतर करायला शिकवलं होतं. मी जपानी डॉक्युमेंट्सची भाषांतरं करून पोट भरते, त्यामुळे असलं काही आलं की सगळे मलाच टॅग करतात, ताई हे खरंय का गं. तर नाही, खरं नाहीये. सोसेकी १९१६ ला गेला, त्याच्या लिखाणात हे वाक्य कुठेच सापडत नाही, तो गेल्यावर कित्येक वर्षांनी हा किस्सा छापात दिसायला लागला आणि मग त्याच्या नावावर चिकटला तो चिकटलाच. जपानी लोकांनाही तो आवडतो, त्यात काही नाही.

खोटं निघालं म्हणून मला आनंद वगैरे झाला नाही, गोष्ट गोड आहेच. मला टोचतं ते वेगळं. अशा रीलखाली आपलेच लोक लिहितात की बघा किती खोल संस्कृती, मनातलं मनात ठेवायचं, समोरच्याच्या सुखासाठी आपण बाजूला व्हायचं, नाहीतर आपली आजची पोरं. आणि मग गाडी तिथून त्यागावर येते आणि त्यागावरून बायकांवर, ती नेहमी येतेच. माझं म्हणणं एवढंच की जुन्या जपानातल्या या मुक्या प्रेमात दोन अगदी वेगळ्या गोष्टी एकाच शब्दाखाली कोंबल्यात. एक म्हणजे समोरच्याला आपण नको आहोत हे कळल्यावर त्याच्या मागे न लागणं, ही साधी सभ्यता झाली, ती कुठल्याही देशात हवीच. दुसरी म्हणजे आपल्याला काय हवंय हे उच्चारायचीच सोय नसणं, कारण घर, कायदा, पैसा सगळं दुसऱ्याच्या हातात. या दुसऱ्या गोष्टीला त्याग म्हणणं म्हणजे तोंड दाबून बुक्क्यांचा मार खाणाऱ्याने मौनव्रत घेतलंय असं सांगत फिरणं.

न बोलणं म्हणजे खोली, हे मी ऑफिसात रोज खोटं ठरताना बघते. क्लायंट कॉलवर म्हणतो ‘केन्तो शिमासु’, म्हणजे विचार करून बघतो, आणि आमचा मॅनेजर खूश होतो, मी म्युट करून सांगते की अहो, नाही म्हणाला तो. यात गूढ काही नाही, तो कोड आहे, ज्याला शिकवलाय त्याला कळतो. प्रेमातला अबोलाही बराचसा असाच, शिकवलेला, आणि गंमत म्हणजे जोरजोरात म्हणून दाखवलेला.

९६० सालची गोष्ट घ्या. मुराकामी सम्राटाच्या दरबारात कवितांची स्पर्धा होती, दोन बाजू, एकेक जोडी समोरासमोर. शेवटच्या फेरीचा विषय प्रेम, आणि ताइरा नो कानेमोरी आणि मिबु नो तादामी या दोघांनीही लपवलेल्या प्रेमावरच लिहिलं. कानेमोरी म्हणतो, लपवून ठेवलं होतं पण चेहऱ्यावर आलंच, इतकं की लोक विचारायला लागले, काय रे कसल्या विचारात आहेस. तादामी म्हणतो, प्रेमात पडलोय म्हणून माझं नाव कधीच गावभर झालं, मी तर कुणाला न कळता नुकतीच सुरुवात केली होती. परीक्षकाला ठरवता येईना, शेवटी सम्राट कानेमोरीची ओळ पुटपुटला म्हणून कानेमोरी जिंकला. आख्यायिका अशी की हरल्याच्या दुःखात तादामीने अन्न सोडलं आणि मेला. म्हणजे बघा, लपवलेल्या प्रेमाच्या कवितेवर माणूस मेला तो प्रेमामुळे नाही, दुसरा नंबर आल्यामुळे! खरं नसेलही, पण ज्यांनी ही आख्यायिका रचली त्यांना त्या अबोल्यातली नाटकबाजी बरोब्बर दिसली होती. या दोन्ही कविता आजही नवीन वर्षाला पत्त्यांसारख्या खेळतात त्या शंभर कवितांच्या संचात शेजारी शेजारी आहेत, चाळिसावी आणि एकेचाळिसावी.

मग हागाकुरे. सामुराई म्हटलं की ज्यातली वाक्यं टीशर्टवर छापतात ते पुस्तक. सागा संस्थानातल्या यामामोतो त्सुनेतोमोने त्यात सांगितलंय की सगळ्यात उंच प्रेम म्हणजे ‘शिनोबु कोई’, सोसलेलं, लपवलेलं प्रेम. तो एक जुनी कविता देतो, अर्थ साधारण असा की मी मेल्यावर चितेच्या धुरावरून ओळख, शेवटपर्यंत ओठावर न आलेलं माझ्या मनातलं. हे शेअर करणाऱ्यांना बहुतेक माहीत नसतं की तिथे चाललेलं बोलणं पुरुषाच्या पुरुषावरच्या प्रेमाबद्दल आहे आणि त्सुनेतोमो ते थेट धन्याच्या चाकरीशी जोडतो, की धन्यावरची निष्ठाही अशीच असावी, त्याला कळलंच पाहिजे असा हट्ट नको. १७०० मध्ये त्याचा धनी वारला तेव्हा मागोमाग पोट फाडून मरायची त्याची इच्छा होती, पण त्या प्रथेवर तोवर बंदी आलेली, म्हणून संन्यास घेऊन झोपडीत राहिला. आणि मग या न बोलण्याच्या पुरस्कर्त्याने पुढे काय केलं, तर १७१० पासून सहा-सात वर्षं एका तरुण सामुराईला समोर बसवून बोलत राहिला, अकरा खंड भरले. वर सांगून ठेवलं की हे सगळं जाळून टाका. अर्थात कुणी जाळलं नाही.

मला तो माणूस आवडतो, खोटं कशाला बोलू. पण एक लक्षात घ्या, सामुराईचा अबोला ही झाकली मूठ होती, सव्वा लाखाची, कारण मूठ उघडायची की नाही हे त्याच्या हातात होतं आणि झाकून ठेवल्याचा मानही त्यालाच मिळत होता.

बायका मात्र, आणि हे फार जुनं आहे, गप्प बसलेल्याच नाहीत. जपानचा सगळ्यात जुना काव्यसंग्रह मान्योशू, आठव्या शतकातला, साडेचार हजारांच्या आसपास कविता. त्यात कासा घराण्यातली एक बाई आहे, तिचं स्वतःचं नावही उरलं नाही, कासा नो इरात्सुमे म्हणजे कासांची मुलगी एवढंच. तिच्या एकोणतीस कविता आहेत आणि सगळ्या एकाच पुरुषाला उद्देशून, ओतोमो नो याकामोची, मोठा सरदार आणि मोठा कवी. त्यातली एक मी पहिल्यांदा वाचली तेव्हा चहा सांडायची राहिले. ती म्हणते, जो आपल्यावर प्रेम करत नाही त्याच्यावर प्रेम करणं म्हणजे मोठ्या देवळात जाऊन भुकेल्या पिशाच्चाच्या मूर्तीपुढे, तेही मागच्या बाजूने, डोकं टेकणं. म्हणजे एक तर देव सोडून पिशाच्च, त्यातही त्याचं ढुंगण. बाराशे वर्षांपूर्वी. कुठे आहे यात चंद्र आणि बासरी?

मान्योशूतच दुसरी एक कविता आहे, इसेच्या समुद्रात बुड्या मारणाऱ्या कोळ्यांची, ते सकाळ-संध्याकाळ आवाबी नावाचा समुद्री जीव काढतात. आवाबीला शिंपल्यासारखी दोन झाकणं नसतात, एकच कवच, म्हणून ते एकतर्फी प्रेमाचं चिन्ह. एकतर्फी प्रेमाला जपानीत काताओमोई म्हणतात, यातला ‘काता’ म्हणजे जोडीतला एक. कोकणातल्या माणसाला हे लगेच कळावं. आवाबी बिचारा बोलत नाही, पण त्याच्यावर कविता करणारं माणूस मात्र बोलतंय.

आणि जे खरंच गप्प मेले त्यांचं काय झालं हे नोह, म्हणजे मुखवटे घालून करायची जुनी नाटकं, सांगतात. झेआमी या नाटककाराच्या एका नाटकात राजवाड्यातला शेवंतीची झाडं राखणारा म्हातारा राणीच्या प्रेमात पडतो. त्याला सांगतात की हे गाठोडं उचलून बागेत शंभर काय हजार फेऱ्या मार, मग तुला राणी दिसेल. गाठोडं वरून भरजरी कापडाचं, आत धोंडा. हलत नाही, म्हातारा मरतो. मग भूत होऊन येतो आणि राणीला जागचं उठता येत नाही, जणू तोच धोंडा तिच्यावर ठेवलाय. झेआमी शेवटी त्याला शांत करतो, माझं श्राद्ध केलंस तर तुझा राखणदार होईन म्हणतो. याच गोष्टीच्या दुसऱ्या नाटकात, तिथे म्हाताऱ्याला कापडाने मढवलेला, कधीच न वाजणारा ढोल बडवायला देतात, तिथे त्याचं भूत शांत होत नाही, ज्या तळ्यात जीव दिला त्यात शाप देतच परत जातं. मला दुसरं जास्त खरं वाटतं. एक मात्र आहे, दोन्हीकडे खेळ राजवाड्याने लावला आणि भूत बसलं एकट्या राणीच्या मानेवर.

आता मला ज्या गोष्टीसाठी हे सगळं लिहावंसं वाटलं ती. हिगुची इचियो ही लेखिका, १८७२ चा जन्म, १८९६ मध्ये क्षयाने गेली, चोवीस वर्षं. २००४ पासून वीस वर्षं पाच हजार येनच्या नोटेवर तिचा चेहरा होता, आणि जन्मभर उधारीवर जगलेल्या बाईला नोटेवर बसवलं म्हणून जपानी लोक स्वतःच हसतात. १८९५ मधली तिची एक कथा आहे, जूसान्या, म्हणजे तेरावी रात्र, आपल्या कोजागिरीसारखी चंद्र बघायची एक रात्र असते ती. ओसेकी नावाची बाई रात्री रिक्षातून, म्हणजे माणसाने ओढायच्या रिक्षातून, माहेरी येते. दाराबाहेरच थांबते कारण आत बाप मोठ्याने बोलतोय, मी किती नशीबवान, पोरं किती चांगली निघाली. आई आत घेते, चंद्रासाठी केलेले गोळे खाऊ घालते. ओसेकीचा नवरा हाराडा बडा सरकारी अधिकारी, त्याने तिला सतराव्या वर्षी रस्त्यात खेळताना बघून मागणी घातली होती, यांच्या ऐपतीच्या फार वर. मूल झाल्यापासून तो तिला नोकरांदेखत टाकून बोलतो, अडाणी म्हणतो. ती झोपलेल्या मुलाला तिथेच ठेवून आलीये, म्हणते मला सोडचिठ्ठी मिळवून द्या.

आई भडकते, जावयावर. बाप मात्र हिशोब करतो. धाकट्या भावाची नोकरी हाराडाच्या वशिल्याने आहे. मुलगा सासरीच राहणार, एकदा सुटलीस की त्याचं तोंड दिसणार नाही. आणि मग तो एक वाक्य बोलतो, की रडायचंच आहे ना नशिबाला, मग हाराडाची बायको म्हणून पोटभर रड. तू बोलली नाहीस तरी आम्हाला कळेल, आईला कळेल, भावाला कळेल, आपण सगळे वाटून घेऊन रडू. हे वाक्य मी कितीदा वाचलं असेल, दरवेळी बापाची कीव येते आणि दरवेळी राग येतो. आपल्याकडे दिल्या घरी सुखी राहा म्हणतात, हा निदान सुखी राहा म्हणत नाही, एवढा प्रामाणिक आहे. आणि बघा, रीलमधलं तेच, ‘न बोलता कळतं’, इथे कशासाठी वापरलंय. आम्हाला कळतंय म्हणून तू बोलू नकोस.

ओसेकी म्हणते ठीक आहे, आज रात्रीपासून मी मेले समजते, नुसता जीव मुलाला राखायला राहील. परत निघते. उएनोच्या झाडीत रिक्षावाला मधेच थांबतो, म्हणतो उतरा, कंटाळा आला, पैसे नकोत. चांदण्यात ती चेहरा बघते तर तो रोकुनोसुके, लहानपणी ओळखीतल्या तंबाखूवाल्याचा मुलगा. एकेकाळी तिला वाटायचं की मी त्याच दुकानात बसून पेपर वाचत गिऱ्हाईक करीन. तिचं लग्न ठरलं आणि तो वाया गेला, घर उडवलं, लग्न करून दिलं तेही टिकलं नाही, मुलगीही गेली. दोघं थोडं चालतात. ती कागदात थोडे पैसे बांधून देते. मनातलं दोघंही बोलत नाहीत. तो पूर्वेकडे जातो, ती दक्षिणेकडे, रस्त्यावरचे विलो हलतायत आणि तिच्या लाकडी चपलांचा दमलेला आवाज. संपली कथा.

याला कुणी ‘सुंदर मूक त्याग’ म्हणालं की मला विचारावंसं वाटतं की तुम्ही मधली दहा पानं वाचली का? इचियोने त्यागाची किंमत वाण्यासारखी मांडून ठेवलीये, भावाचा पगार किती महत्त्वाचा, मूल कुणाचं, रिक्षाचे पैसे कुणी दिले. आणि तिला हे कळत होतं कारण ती स्वतः त्यात होती. भाऊ गेला, मग १८८९ मध्ये वडील गेले, सतरा वर्षांच्या या पोरीवर कुटुंबप्रमुख म्हणून घर आलं, आई आणि धाकटी बहीण हिच्या जिवावर. कुटुंबप्रमुखाला घर सोडून दुसऱ्या घरात सून म्हणून जाणं जवळजवळ अशक्य. तिला लिहायला शिकवणारा नाकाराई तोसुई, पेपरात कादंबऱ्या लिहिणारा, तिला आवडत होता हे तिच्या डायरीत दिसतंच. कवितेच्या क्लासमध्ये कुजबूज झाली आणि १८९२ मध्ये तिने त्याच्याकडे जाणं बंद केलं. यातलं किती तिने ठरवलं आणि किती आधीच ठरलेलं होतं, सांगा.

जपानी आत्माच तसा, असं म्हणणाऱ्यांसाठी आणखी एक. कामाकुराला तोकेजी नावाचं देऊळ आहे, १२८५ चं, तेव्हा भिक्षुणींचं. एदोच्या काळात, म्हणजे सतराव्या ते एकोणिसाव्या शतकात, नवऱ्याला कंटाळलेल्या बायका तिथे पळून जायच्या, मागे कुणी लागलं आणि दारातून चप्पल आत फेकली तरी पोचली असं धरायचे म्हणतात. दोन-तीन वर्षं तिथे काढली की नवऱ्याला सोडचिठ्ठी द्यावी लागायची, ती साडेतीन ओळींची असायची म्हणून तिचं नावच साडेतीन ओळी. त्यानंतरच्या मेइजी काळाच्या सुरुवातीला, १८७०-८० च्या सुमाराला, तर जपानमध्ये घटस्फोट भरमसाट होते. मान्य की त्यात सुनेला सासूने हाकलून दिलेलेही खूप होते, ते काही स्वातंत्र्य नव्हे. पण १८९८ मध्ये नवा सिव्हिल कोड आला, घर म्हणजे कुटुंबप्रमुखाचं, लग्नाला त्याची परवानगी, पंचविशीच्या आतल्या मुलीला आईबापांचीही, आणि एक-दोन वर्षांत घटस्फोटाचा दर जवळपास निम्म्यावर आला. म्हणजे आत्मा दोन वर्षांत बदलला म्हणायचं का? शाळांमधून ‘चांगली बायको, शहाणी आई’ शिकवायला लागले तेही याच सुमाराला. आपण ज्याला पारंपरिक जपानी सहनशीलता म्हणतो ती बरीचशी रेल्वेपेक्षाही तरुण आहे.

सगळाच अबोला लादलेला होता असं मात्र मी म्हणणार नाही. चिकामात्सु या नाटककाराच्या १७२१ च्या बाहुल्यांच्या नाटकात ओसान नावाची कागदवाल्याची बायको आहे, नवरा कोहारु नावाच्या वेश्येच्या पायी घर विसरलाय. ओसान तिला गुपचूप पत्र लिहिते, माझ्या नवऱ्याला सोड, नाहीतर तो मरेल. कोहारु सोडते, कुणाला न सांगता, त्याच्या शिव्या खाऊन. मग ओसानच्या लक्षात येतं की ही आता जीव देणार, आणि ती खण उघडून आपले, पोरांचे कपडे काढते, गहाण टाका आणि तिला सोडवा. नवरा विचारतो, ती घरात आली की तुझं काय? ती म्हणते, पोरांची आया होईन, नाहीतर स्वयंपाकीण. इथे मला गप्प व्हायला होतं. दोन बायका एकमेकींचा शब्द राखतायत, यांनी एकमेकींसाठी काहीतरी निवडलंय हे नक्की. पण तेवढ्यात ओसानचा बाप येतो आणि तिला हात धरून माहेरी घेऊन जातो, आणि तिचा त्याग वाया जातो कारण तिचं स्वतःचं असं काहीच नव्हतं, कपडे सोडले तर. चिकामात्सु हे लिहितो आणि दोनच वर्षांत शोगुनचं सरकार प्रेमी जोडप्यांच्या आत्महत्यांवरच्या नाटकांवरच बंदी आणतं. शब्दही बदलायला लावतात, अशा आत्महत्येला म्हणायचे ‘शिन्जू’, म्हणजे मनाच्या आतलं, तो फार सुंदर वाटतो म्हणून नको.

कुणी म्हणेल हा सगळा इतिहास झाला. २००७ च्या एप्रिलपासून जपानमध्ये घटस्फोट घेताना नवऱ्याच्या पेन्शनमधल्या लग्नाच्या वर्षांच्या वाट्यातला निम्म्यापर्यंत भाग बायकोला मिळू लागला. कायदा येणार हे कळल्यापासून त्या तारखेची वाट बघत थांबलेल्या बायकांच्या बातम्या तेव्हा खूप आल्या होत्या. तीस-तीस वर्षं चहा करून दिला, एक शब्द बोलल्या नाहीत, लोक म्हणाले काय सोशिक, आणि त्या कॅलेंडर बघत होत्या.

ग्रुपवर मी मग कासाबाईंची ती पिशाच्चाची कविता टाकली, मराठी करून. धाकटी म्हणाली ईईई, एकाने विचारलं की एकोणतीस मेसेज म्हणजे आता सरळ ब्लॉक केलं असतं ना. केलं असतं, आणि ब्लॉक करायचा याकामोचीला पूर्ण हक्क होता, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. त्याने उत्तर दिलंच तर फक्त दोन कवितांचं, तेही ती लांब निघून गेल्यावर. त्यातल्या दुसऱ्या कवितेत तो म्हणतो, यापेक्षा गप्प राहिलो असतो तर बरं झालं असतं, कशाला भेटायला लागलो, पुढे काही होणार नव्हतंच. मान्योशू शेवटी संपादित केला तो याच याकामोचीने असं मानतात. गप्प राहायला हवं होतं म्हणणाऱ्या माणसाने तिच्या एकोणतीसच्या एकोणतीस ठेवल्या, पिशाच्चाच्या ढुंगणासकट.